वाटीतून आलेला ड्रायव्हर

ये, अशी जवळ सरक. अजून थोडी. तू बंगळुरात आणि मी नाशकात, म्हणून काय झालं, कान तरी इकडे कर. "दिवाळीला आले की तुझा लॅपटॉप बघते, आजी," हे कोण म्हणालं होतं? दिवाळीला तुला सुट्टी नव्हती. मग नाताळ म्हणालीस. नाताळात तुम्ही मैत्रिणी मिळून समुद्रावर गेलात. संक्रांतीला मी तिळाच्या वड्या पाठवल्या, त्याच खोक्यात तुझ्या काकूआजीने आपला डबा घातला, आणि तू फोन करून कौतुक केलंस ते तिच्या वड्यांचं. माझ्या कडक झाल्या होत्या, मान्य. पण कडक वडी तोंडात जास्त वेळ राहते, याचं कुणाला काही नाही.

रागावले नाही गं. रागावले असते तर एवढं लिहीत बसले असते का? पण लॅपटॉपचं काय झालं ते तुला नीट सांगायचं आहे. तुला त्यातलं अर्धंच ठाऊक आहे, आणि ते अर्धंही तुला तिच्याकडून कळलंय.

तू हे मैत्रिणींना वाचून दाखवशीलच, त्या विचारतील, ही काकूआजी कोण. तर ती माझी धाकटी जाऊ. आमची द्राक्षांची बाग पिंपळगाव बसवंतला. मुलांच्या शिक्षणासाठी म्हणून दोघा भावांनी गंगापूर रोडला एकाच मजल्यावर समोरासमोर दोन फ्लॅट घेतले. शिक्षणं झाली, मुलं उडून गेली, धाकटे दीरही गेले, आणि समोरासमोर दोन दारं राहिली. एका दाराआड मी आणि तुझे आजोबा, दुसऱ्या दाराआड ती एकटी. मधून वाट्या जात-येत असतात. तिच्याकडून शेवेची भाजी आली की ती वाटी मी रिकामी परत करत नाही, काही नाही तर चार खारका, साखरेची चिमूट तरी घालून देते. तीही तसंच करते. त्यामुळे तिची निम्मी भांडी माझ्या मांडणीवर आणि माझी निम्मी तिच्या. कुणाची वाटी शेवटची आली आणि आता पाळी कुणाची, याचा हिशोब आम्ही कधी बोलून दाखवत नाही, पण दोघींच्या डोक्यात तो पक्का असतो.

आता लॅपटॉप. तो तुझा कॉलेजचा, काळा, जाडजूड, झाकणावर तू चिकटवलेलं मांजर. जाताना तू मला एवढंच शिकवलंस की हे दाबलं की सुरू आणि हे दाबलं की बंद. बाकीचं मी माझं मी शिकले. मोबाईलला तोंडाने विचारायचं, तो जे दाखवेल ते करून बघायचं, बिघडलं की परत विचारायचं. टायपिंग शिकले. हे जे तू वाचते आहेस ते त्याच्यावरच लिहिलंय, आणि स्पेसची पट्टी डाव्या बाजूने दाबली तर चालत नाही हेसुद्धा मला कुणी सांगावं लागलं नाही.

पण तो लॅपटॉप खरा रविवारचा. रविवारी सकाळी आजोबांचे पोहे झाले की मी टेबल पुसायचे, केस विंचरायचे, इस्त्रीची साडी नेसायचे आणि बसायचे. मग तू यायचीस. मोबाईलवर तुझं तोंड सुपारीएवढं दिसतं आणि माझा हात हलतो. लॅपटॉपवर मात्र ताटाएवढं. तुझ्या कपाळावरची पुटकुळीसुद्धा दिसायची. तू आठवडाभराचं सगळं सांगायचीस, ऑफिसातली ती खडूस बाई, खोलीतल्या मैत्रिणीचं घोरणं, सगळं. मी पहिली ऐकणारी. तुझ्या आईच्याही आधी. आठवड्यातला तो एक तास माझा होता आणि त्यात वाटेकरी नव्हता.

मग दिवाळीच्या थोडं आधी एका सकाळी लॅपटॉपने स्वतःहून काहीतरी अपडेट घेतलं. गोल गोल फिरत राहिला, दोनदा बंद पडून सुरू झाला, आणि शहाण्यासारखा उघडला. सगळं जागच्या जागी. फक्त नेट नाही. खाली कोपऱ्यात जिथे पंख्यासारख्या तीन रेघा असतात तिथे नुसती फुली. मोबाईलला घरचं नेट यायचं, लॅपटॉपला यायचं नाही. तुला फोन लावला तर तू घाईत होतीस. म्हणालीस, "अगं मग समोर काकूआजीकडे जा ना, तिच्या लॅपटॉपवरून बोलू. तुझा मी दिवाळीला बघते."

किती सहज म्हणालीस. तुझ्यासाठी ते एक दार ओलांडणं होतं.

काकूआजीचा लॅपटॉप नवा. पुण्याच्या मुलाने पाठवलेला, पापडासारखा पातळ, चंदेरी. तिच्या घरी तो दिवाणखान्यात छोट्या टेबलावर असतो, आणि त्याच्यासमोर एकच खुर्ची. त्या खुर्चीत ती बसायची, कारण लॅपटॉप तिचा, बटणं तिला माहीत. मी शेजारी सोफ्यावर. लॅपटॉप ती तिरका ठेवायची. मला वाटायचं, खिडकीचा उजेड पडद्यावर पडू नये म्हणून. मला तू दिसायचीस, ऐकू यायचीस, पण मी कुणाच्या तरी घरी तुला भेटायला आले आहे असं वाटायचं. माझ्याच नातीला. चहा तिचा, नेट तिचं, खुर्ची तिची.

दुसऱ्या का तिसऱ्या रविवारी तू पडद्यावर आलीस आणि तुझे केस मानेपर्यंत कापलेले. मी म्हटलं, अगं हे काय केलंस. आणि तुझ्याआधी हीच बोलली, "बुधवारी दाखवले ना तिने. छान दिसतायत, ताई, मी म्हटलंच तिला."

बुधवारी. म्हणजे बुधवारीही बोलणं होत होतं. तू म्हणालीस की शेवेच्या भाजीचा काळा मसाला विचारायला केला होता. बरोबरच आहे, शेवेची भाजी तिचीच चांगली होते. पण पुढचं मी धड ऐकलंच नाही, सोफ्याच्या कव्हराच्या सुरकुत्या काढत बसले.

आणि त्यानंतरच्या रविवारी तर तू कहर केलास. आजवर तू मला आजी आणि तिला काकूआजी म्हणत आलीस. त्या दिवशी बोलता बोलता तू नुसतं "आजी, ऐक ना" म्हणालीस आणि आम्ही दोघींनी एकदम ओ दिली. तू हसलीस. तीही हसली. मीही हसले, कारण न हसून काय करणार. पण घरी आल्यावर माझा चहा बेचव लागला आणि मी आजोबांवर विनाकारण खेकसले की रद्दी इथे का पसरली.

आजोबांना काही सांगावं लागत नाही. पेपर खाली न करता म्हणाले, "तिच्याकडे दुसरं कोण बोलतं गं. बोलू दे की जरा."

मी म्हटलं, बोलू दे ना, मी कुठे नको म्हणतेय. आपापल्या घरून बोलावं.

त्या दिवसापासून मी त्या लॅपटॉपच्या मागे लागले. तुझी वाट बघणं सोडून दिलं. मोबाईलला विचारलं, नेट का येत नाही. त्याने शंभर कारणं सांगितली. ती एकेक करून गाळत गेले. घरच्या नेटचा डबा बंद करून चालू केला, लॅपटॉप बंद करून चालू केला, पासवर्ड परत घातला, तोही दोनदा. शेवटी, संक्रांत होऊन गेल्यावर, एका व्हिडिओत बघून मी त्या डिव्हाइस मॅनेजरमध्ये पोचले, जिथे लॅपटॉपच्या पोटातल्या सगळ्या अवयवांची नावं ओळीने असतात. तिथे वायरलेस कार्डाच्या नावापुढे पिवळा त्रिकोण आणि त्यात उद्गारचिन्ह. सापडला.

मला कळलं ते असं. कार्ड धडधाकट आहे. पण लॅपटॉपने स्वतःच्या घराचे नियम बदलले आणि हे जुनं माणूस कोपऱ्यात बसून राहिलं, त्याला कुणी काही सांगितलंच नाही. आता दोघांमध्ये बोलणी करून देणारा जो छोटा प्रोग्राम असतो, त्याला ड्रायव्हर म्हणतात, आणि तो नवा आणून बसवायचा. आजोबांना हे समजावलं तर म्हणाले, "म्हणजे बागेतून माल काढायचाय, टेम्पोही दारात उभाय, आणि ड्रायव्हर पळालाय." म्हटलं, तसंच काहीसं.

अडचण पुढे आली. ड्रायव्हर आणायचा नेटवरून, आणि नेट यायला हवा ड्रायव्हर. मोबाईलवर उतरवून तारेने लॅपटॉपमध्ये टाकता आला असता हे मला फार उशिरा कळलं, नाहीतर हे पुढचं काही झालंच नसतं. त्या वेळी मला एकच रस्ता दिसत होता. तो माझ्या दारातून निघून समोरच्या दारात जात होता.

तिच्याकडे मागायला जायचं आणि तेही कशासाठी, तर तिच्याकडे जायचं बंद व्हावं म्हणून. तोंडाने मागवेना. तिची एक स्टीलची वाटी माझ्याकडे होतीच, पाळी माझीच होती. त्यात मी बेसनाचे दोन लाडू ठेवले आणि बाजूला पेन ड्राइव्ह, तुपाचा हात लागू नये म्हणून कागदात गुंडाळून. माझ्या लॅपटॉपच्या कंपनीचं नाव चिठ्ठीवर लिहिलं आणि दारात उभी राहूनच म्हटलं, जरा वायरलेसचा ड्रायव्हर उतरवून दे, मला ओट्यावर काम आहे, आत येत नाही. ओट्यावर काही काम नव्हतं.

संध्याकाळी वाटी परत आली. पेन ड्राइव्ह त्याच कागदात, आणि वर तिच्या भावाच्या बागेतल्या द्राक्षांचा एक घोस. "सोपं होतं, ताई," म्हणाली. सोपं होतं. मला ते शब्दही लागले.

चष्मा पुसून मी बसले. पेन ड्राइव्ह लावला, फाइल उघडली, हो म्हटलं, पुढे म्हटलं. हिरवी पट्टी अर्ध्यावर गेली आणि चौकट आली की या ड्रायव्हरला जुळणारं उपकरण तुमच्याकडे नाही. परत केलं. परत तेच. मग मी फाइलचं नाव आणि माझ्या कार्डाचं नाव शेजारी शेजारी ठेवून वाचलं. आकडे वेगळे, अक्षरं वेगळी. हे माझ्या कार्डाचं नव्हतंच. त्या कार्डाची जातच दुसरी.

आता तुला खरं सांगते, तेव्हा मला काय वाटलं. मला वाटलं, हिने मुद्दाम दिलं. रविवार तिच्या हातून जाऊ नये म्हणून. एवढी वर्षं एकीच्या हातचं दुसरीने खाल्लं, एकमेकींची बाळंतपणं केली, आणि मला तिच्याविषयी असं वाटलं. वाटलं ते वाटलं.

भांडायला मी गेले नाही. आमच्यात भांडण तोंडाने होत नाही. मी फक्त वाटी परत केली नाही. धुतली, पुसली, मांडणीवर पालथी घातली आणि तिथेच राहू दिली. ती समजली. दारात भेटली की नजर माझ्या हाताकडे जायची, हात रिकामा. एकदा स्वतःहून म्हणाली, "झालं का ताई, चालू?" मी म्हटलं, बघते सवडीने. त्या रविवारी मी डोकं दुखतंय म्हणून गेलेच नाही. दाराला कान लावला तर तुझ्या हसण्याचा आवाज येत होता. तुम्ही दोघी माझ्याशिवाय हसत होता. पाच मिनिटं मी दारामागे उभी होते आणि आजोबा माझ्याकडे बघत होते.

पुढच्या आठवड्यात एका दुपारी मी परत पेन ड्राइव्ह लावला. चुकीची फाइल पुसून टाकावी म्हणून. तर त्यात आणखी एक फोल्डर. तिने बनवलेला, नाव इंग्रजी अक्षरांत "ताईंसाठी". पेन ड्राइव्हही तिने रिकामा पाठवला नव्हता, बघ. वाटीसारखाच.

उघडला तर फोटो. रविवारी आपण बोलत असताना ती मधून मधून काहीतरी बटण दाबायची. मला वाटायचं आवाज वाढवते. ती पडद्याचे फोटो काढत होती. मोठ्या चौकटीत तू, कुठे हसताना, कुठे जांभई देताना, एकात तोंडात घास. आणि खाली कोपऱ्यात ती छोटी चौकट, आपली बाजू दाखवणारी. तिथे बसल्यावर ती मला ठिपक्याएवढी दिसायची, कधी लक्षच दिलं नाही. आता मोठी करून बघितली.

त्यात मी होते. मधोमध. पदर नीट, चष्मा थोडा तिरका, तोंड उघडं, म्हणजे बोलतच होते. आणि तिचं काय दिसत होतं, तर कडेला खांदा आणि हातातल्या दोन बांगड्या. दुसऱ्या फोटोत नुसती बांगड्यांची मनगटं, लॅपटॉपचं झाकण माझ्याकडे वळवताना. तिसऱ्यात तीच नाही. सगळ्या फोटोंत मीच मधोमध. ती खुर्चीत समोर बसून लॅपटॉप तिरका करत होती तो उजेडासाठी नव्हे.

तुला वाटेल आता मला भरून आलं असेल. आलं थोडं. पण त्याहून जास्त मला तिचा रागच आला. मनात तिला म्हटलं, तुझ्या वड्या चांगल्या, तुझी भाजी चांगली, तुझं नेट चांगलं, आणि आता चांगुलपणातही तूच पुढे? मला कधी सुचलं नसतं असं करायला. हे कळल्यावर मी तो लॅपटॉप बंद केला आणि उगाच तांदूळ निवडायला घेतले, तेही आधीच निवडलेले.

मात्र एक गोष्ट डोक्यात बसली. जी बाई स्वतःला चौकटीबाहेर ठेवते ती फाइल कशाला चुकीची देईल?

दुसऱ्या दिवशी मी शिरा केला, वाटी भरली, तुझा जाडजूड लॅपटॉप काखेत मारला आणि तिचं दार वाजवलं. तिने आधी वाटी बघितली, मग लॅपटॉप. बाजूला झाली. मी म्हटलं, फाइल बसत नाही, परत बघू. तिने खुर्ची मला दिली आणि स्वतः स्वयंपाकघरातून स्टूल आणलं. मी तिला म्हटलं, तू केलंस कसं ते दाखव.

तिने दाखवलं. कंपनीचं पान उघडलं. पान विचारतं, तुमचं मशीन ओळखू का. ती म्हणाली, "मी हो म्हटलं. त्याने ओळखलं आणि हे दिलं."

"कुणाचं मशीन ओळखलं?"

"तुमचंच ना. चिठ्ठीवर होतं त्या कंपनीच्या पानावरच गेले होते मी."

मी तिच्या चंदेरी लॅपटॉपवर बोट ठेवलं. "ते ज्याच्यावर बसलंय त्यालाच ओळखणार ना गं. हा तुझा. तुझीपण हीच कंपनी."

तिने पडद्याकडे बघितलं, माझ्या काखेतून टेबलावर आलेल्या काळ्या डब्याकडे बघितलं. "म्हणजे मी माझाच ड्रायव्हर तुम्हाला दिला," म्हणाली. "वाटीत घालून."

मग आम्ही हसलो. ती डोळे पुसत म्हणाली, मला वाटलं एवढं हुशार मशीन, त्याला कळत असेल माझं काम कुणासाठी चाललंय.

पुढचं काम नीट केलं. माझ्या लॅपटॉपवर कार्डाचं पूर्ण नाव उघडलं, मी भिंगातून एकेक अक्षर वाचत गेले आणि ती टाइप करत गेली. यावेळी ओळखू का म्हटल्यावर नको म्हटलं. जुन्या मॉडेलांचं वेगळं पान निघालं, पार तळाशी, तिथे कोणी जात नसेल. त्यात माझं कार्ड होतं. फाइल उतरली, पेन ड्राइव्हवर आली, माझ्या लॅपटॉपमध्ये गेली. हिरवी पट्टी अर्ध्यावर आली तेव्हा दोघी पडद्यावर वाकलो. पट्टी शेवटपर्यंत गेली. डिव्हाइस मॅनेजरमधला पिवळा त्रिकोण गेला. कोपऱ्यातल्या पंख्याच्या रेघा उठल्या.

आणि पहिलं नेट त्याने कुणाचं पकडलं? तिचं. तिच्या घरात होतो ना आम्ही. तिने पासवर्ड सांगितला, मी घातला. इतके दिवस बंद असलेला तुझा लॅपटॉप डोळे उघडून आधी तिच्या घराला चिकटला. तेवढंही सोसणं मला चुकलं नाही.

मी झाकण लावून उठायला लागले. ती टेबलावरची शिऱ्याची वाटी पुसत होती, खरं तर ती वाटी पुसायचीच नव्हती, भरलेली होती. माझ्याकडे न बघता म्हणाली, "म्हणजे आता रविवारी तुमच्याकडेच होणार ना, बोलणं."

हो म्हणायला मला वेळ लागला. हेच तर हवं होतं मला, एवढा खटाटोप त्याच्यासाठीच. तेवढ्यात तिची ती रिकामी खुर्ची दिसली, लॅपटॉपसमोरची एकुलती एक.

"हो," मी म्हटलं. "नाश्ता झाला की ये. येताना खुर्ची आण, माझ्याकडे दोनच आहेत, एकीवर आजोबा बसतात."

म्हणून त्या रविवारी तू विचारलंस ना, काकूआजी मागे खुर्ची घेऊन का उभी आहे, ते हे. तिला वाटलं तू आधी माझ्याशी बोलून घ्यावंस. मीच तिला ओढून बसवलं. लॅपटॉप तिच्याकडे थोडा वळवलाही. थोडाच वळवला. माझं टेबल, माझं नेट, सवय व्हायला वेळ लागतो. आणि तू परत "आजी, ऐक ना" म्हणालीस, मसाल्याचं काहीतरी विचारायला. ती यावेळी ओ देईना. नखं बघत बसली. शेवटी मलाच म्हणावं लागलं, अगं, तुला हाक मारतेय ती.

म्हटलं. पण बुधवारी तुम्ही अजून बोलता, हे मला माहीत आहे. बोला. मी दाराला कान लावणं सोडलंय, म्हणजे रोज लावत नाही.

आता मुद्द्याचं. लॅपटॉपच्या कोपऱ्यात परवापासून परत एक चौकट येते, नवीन अपडेट तयार आहे म्हणून. मी रोज "नंतर" दाबते. मागच्या वेळचं आठवतं. ते "नंतर" किती दिवस चालेल कोण जाणे, तो एक दिवस परत स्वतःहून घेईल. म्हणून तू ये. लवकर ये. दोन दिवसांसाठी ये, सुट्टी नाही मिळाली तर शनिवार-रविवार धरून ये, पण ये. ते अपडेट तुझ्या हातांनी होऊ दे. द्राक्षं अजून आहेत, नागलीचे पापडही वाळलेत. आणि ऐक, लिफ्टमधून बाहेर पडलीस की आधी तिचं दार लागतं. फोडणीचा वास येईल, ती मुद्दाम त्याच वेळेला भाजी टाकेल, मी ओळखते तिला. थांबू नकोस. बॅग आधी माझ्याकडे ठेव, पाणी माझ्याकडे पी. मग जा तिच्याकडे, मीच सोबत येते.